तिसऱ्या राजाची भिंत

मी भिंत. दिवा गावात, स्टेशनपासून आत खाडीकडे जाताना गुलाबी बंगला लागतो ना, त्याच्या हॉलमधली पूर्वेकडची. भिंतींना कान असतात, एवढंच लोकांनी ठरवून टाकलंय. तोंडाचं कुणी कधी विचारलंच नाही. आज मात्र बोलते, कारण वेळ थोडा आहे.

पहिली तीन वर्षं माझ्या अंगावर क्रीम रंग आणि धाकूबाबांचा हार घातलेला फोटो, एवढंच होतं. धाकूबाबांचं आयुष्य मिठागरात गेलं. पुढे जमिनीचे दिवस पालटले आणि त्यांच्या थोरल्या मुलाने, कमलेशने, हा बंगला बांधला. मग तो बारा दिवस युरोप फिरायला गेला आणि इटलीतल्या फ्लॉरेन्समधून माझं नशीब मोबाइलमध्ये घालून घेऊन आला.

तिथल्या एका भिंतीवर राजांची मिरवणूक होती. गोठ्यात जन्मलेल्या येशूच्या दर्शनाला तीन राजे निघालेत. पण मिरवणुकीतले चेहरे मात्र ज्यांनी ते चित्र काढून घेतलं, त्या धनाढ्य घराण्यातल्या माणसांचे.

"म्हणजे देव निमित्ताला," कमलेश बोलला. "आपल्याला सेम असंच पाहिजे."

चित्र काढायला आल्या डोंबिवलीच्या नीरजाबाई, शाळेत चित्रकला शिकवणाऱ्या. इटली त्यांनी कधी पाहिली नव्हती. पण कुठला पोप कुठल्या चित्रकारावर का चिडला, हे त्यांना शेजारच्या घरातल्या भांडणासारखं ठाऊक. आणि जाऊन आलेल्या कमलेशला काय आठवत होतं? तिथलं जेवण फिकं होतं, एवढंच.

दोन महिने बाई शिडीवर उभ्या होत्या. गोठा आला, येशूची आई मरिया आली, बाळ आलं. म्हातारा राजा म्हणजे धाकूबाबा, बाळापुढे गुडघे टेकून. मधला कमलेश, पांढऱ्या घोड्यावर. आणि तिसरा, हातात अत्तराची कुपी घेतलेला, धाकटा भाऊ मितेश.

दोघांची आई कमळाबाई रोज समोर पाट टाकून बसायची. नवऱ्याला बघून म्हणाली, "उभ्या जन्मात कोनापुढं वाकला नाय. हितं बरा बसलाय."

"आई, तुम्हाला कुठे काढू?" बाईंनी विचारलं.

"मना नको. मी समोर बसून बगन. दोगं पोरं एका जागी दिसली, बस झालं."

बाळाच्या पायाशी तिने हळदकुंकवाचं बोट टेकवलं. "देवाचं पोर हाय, कुनाचं का असंना," म्हणाली.

वर्षभर मी सुखात होते. मग महापालिकेची निवडणूक आली. कमलेश उभा राहिला, आणि त्याच वॉर्डातून मितेशनेही दुसऱ्या पक्षाकडून अर्ज भरला. घरची मतं फुटली. दोघेही पडले, तिसराच निवडून आला. मितेश त्याच आठवड्यात टिटवाळ्याला राहायला गेला. कमलेशने नीरजाबाईंना पुन्हा बोलावलं.

"याला काढा इथून."

बाई म्हणाल्या, "तिकडे इटलीतही असंच व्हायचं. सत्ता पालटली की भिंतीवरची माणसं पुसून टाकायचे. आता लोक तिकीट काढून जातात आणि पुसलेलं कोण होतं, तेच विचारतात."

"मॅडम, सख्खा भाऊ तुमच्यासमोर उभा राहिला नाय ना. खजुराचं झाड काढा तिथं."

बाईंनी ब्रश उचलला. आधी मितेशवर त्यांनी पारदर्शक वॉर्निशचा हात दिला. ते वाळल्यावर वरून हिरवंगार झाड काढलं, शाळेतली पोरं वापरतात त्या साध्या पोस्टर कलरने. जाताना कमळाबाईला हळूच म्हणाल्या, "आई, या झाडाला ओलं फडकं लावू नका हं. वरचं निघून जाईल आणि खालचं तसंच राहील."

म्हातारीने त्यांच्याकडे नीट बघून घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ती ओलं फडकं घेऊन माझ्यापुढे उभी.

पण काय धोरणी म्हातारी! रोज नखाएवढंच पुसायची. आधी कुपी धरलेली बोटं निघाली, मग मुकुटाचं टोक, कपाळ, मग एक डोळा, मग दुसरा, नाक, गाल. कमलेशच्या ध्यानातही आलं नाही. माणसाचं एक मी पाहिलंय, स्वतःचं चित्र लावून घेतलं की तो बाकीचं चित्र बघत नाही. पाहुण्यांना घेऊन यायचा, पांढऱ्या घोड्यापर्यंत बोट न्यायचा आणि चहा मागवायचा.

"घाई नाय," कमळाबाई मला म्हणायची, "दिवाळीपरत तोंड निगंल." मला वाटतं, तिने जगायचं कारणच ते धरलं होतं.

दिवाळीला नऊ दिवस उरले असताना ती गेली. फडकं खिडकीच्या ग्रिलवर वाळत होतं. मला फार वाईट वाटलं. मला हात असते, तर उरलेलं मीच पुसलं असतं.

दहाव्याला मितेश आला, पण मांडवातच बसला. उंबरा काही ओलांडला नाही. विधी दोघांनी एकमेकांकडे पाठ करून केले. सगळे पांगल्यावर कमलेश हॉलमध्ये येऊन बसला, आईच्याच पाटावर. तिथून मान वर केली आणि त्याला झाडातले डोळे दिसले.

बराच वेळ बघत राहिला. मग उठून त्याने ग्रिलवरचं फडकं काढलं. वाळून कडक झालेलं, आणि हिरवं. हे हिरवं कुठलं, ते त्याला कुणी सांगावं लागलं नाही. फडकं तोंडाला लावून तो लहान पोरासारखा रडला.

त्याला आठवडा झाला. रोज सकाळी तो फडकं मांडीवर घेऊन पाटावर बसतो. मितेशचा नंबर काढतो, बघतो आणि मोबाइल उपडा ठेवतो.

इतर चित्रं विनवतात, आम्हाला पाणी लावू नका. माझं उलटं आहे. कमलेश, अरे, तुझ्या आईने बहुतेक सगळा चेहरा मोकळा करून ठेवलाय. मितेशचे ओठ तेवढे राहिलेत. आपल्याकडे नळ आठपर्यंतच असतो, आणि पावणेआठ वाजलेत. ऊठ बाबा, फडकं भिजव.