राक्षसासमोरची रांग

वाशिओ तेत्सुजी सेंदाईहून तोक्योला आले ते नाटकात नाव काढायला. पण तामा नदीकाठच्या आमच्या स्टुडिओने त्यांचे रुंद खांदे बघून त्यांना वैमानिकाचा गणवेश चढवला आणि समुद्रातून वर आलेल्या राक्षसाशी लढायला उभं केलं. सिनेमा धो धो चालला. मग दर उन्हाळ्यात राक्षस यायचा आणि वाशिओ-सान त्याला मारायचे. मी तिथे रंगभूषा करायचे.

राक्षस म्हणजे रबराचा पोशाख घातलेला नेझु मोरिसाकु नावाचा माणूस. त्याचं चित्रण वेगळ्या इमारतीत, गुडघ्याएवढ्या घरांच्या गावात व्हायचं. वाशिओ-सानच्या वाट्याला यायचं रिकामं आभाळ. एकजण उंच बांबूला लाल फडकं बांधून उभा राहायचा. त्या फडक्याकडे बघून वाशिओ-सान घाबरायचे, ओरडायचे, बंदूक रोखायचे. पुढे दोन्ही चित्रं जोडली जायची. स्टुडिओच्या खानावळीत दुरून मान हलवली असेल, त्यापलीकडे दोघांची ओळख नव्हती.

एकदा क्योतोच्या एका मोठ्या दिग्दर्शकाने वाशिओ-सानना बोलावलं. साधा घरगुती प्रसंग होता, नवराबायको जेवायला बसलेत एवढाच.

"वाशिओ-सान," दिग्दर्शक म्हणाला, "बायको समोर बसलीय तुमच्या. तिच्या डोक्यावरून कुठे बघताय?"

"बघत होतो का?"

"सकाळपासून. ती काय दहा मजली आहे?"

सगळे हसले. ते काम दुसऱ्याला मिळालं. परत आल्यावर आरशासमोर बसून ते मला म्हणाले, "होनामी-सान, घरी बायकोही हेच म्हणते." पुढच्या वर्षी ती मुलीला घेऊन माहेरी गेली, ती परत आली नाही.

राक्षसांचे सिनेमे आटले. मग वाशिओ-सान टीव्हीवर पोलीस झाले, छपरांवरून उड्या मारल्या, एका उडीत कंबरेचं हाड मोडलं. त्यानंतर कुणी बोलावलं नाही. नदीपलीकडच्या खोलीत ते एकटेच राहायचे. थंडीत मी कधीतरी ओदेनच्या गरम रश्शाचं भांडं घेऊन जायचे. ते खायचे, छान झालंय म्हणायचे, आणि बोलणं तिथेच संपायचं.

मग कावासाकीच्या सभागृहात जुन्या सिनेमांच्या चाहत्यांचा मेळावा ठरला. आमंत्रण आल्यावर त्यांनी सूटला इस्त्री केली.

"जरा रंग लावून द्याल? म्हातारा दिसायला नको."

"म्हातारे आहात. नीटनेटके दिसाल एवढं करते."

सभागृहात सह्यांसाठी दोन टेबलं होती. एकामागे वाशिओ-सान, दुसऱ्यामागे नेझु. बुटका, सुरकुतलेला, शेजारी काठी. रांग दारापर्यंत गेली होती आणि सगळी नेझुसमोर. आमच्याकडे एक बाई आली. वाशिओ-साननी लेखणी उचलली.

"स्वच्छतागृह कुठे आहे हो?" तिने विचारलं.

त्यांनी उठून तिला दार दाखवलं. परत आले, थोडा वेळ बसले. मग पुन्हा उठले आणि सरळ रांगेच्या टोकाला जाऊन उभे राहिले.

"अहो, तुमची जागा इथे आहे," मी म्हटलं.

"तिथे मला काही काम नाही."

पाळी आली तेव्हा नेझुने वर न बघताच विचारलं, "कोणाच्या नावाने सही करू?"

"वाशिओ."

त्याचा हात थांबला. "मला मारायचे ते वाशिओ?"

"दर उन्हाळ्यात."

"माफ करा, ओळखलं नाही. मी एकही सिनेमा पाहिला नाही. पोशाखातून स्वतःच्या पायाखालचं तेवढं दिसायचं. बाहेरून बघायचा धीर झाला नाही."

"मीही तुम्हाला कधी पाहिलं नाही."

आयोजक म्हणाला, "जरा लवकर, मागे लोक आहेत."

"थांबतील," नेझु म्हणाला आणि त्याने शेजारची खुर्ची ओढून दिली. संध्याकाळपर्यंत दोघे तिथेच बसले. काय बोलले ते मला ऐकू आलं नाही. वसंतात एकत्र जेवायचं ठरलं, एवढं वाशिओ-साननी परतताना सांगितलं.

वसंताआधीच नेझु गेला. अंत्यविधीला मी वाशिओ-सानबरोबर गेले. मागच्या रांगेत त्यांना कुणी ओळखलं नाही. ते उदबत्ती लावून परतत असताना नेझुच्या लेकीने वाकून विचारलं, "आपण बाबांचे कोण?"

त्यांनीही वाकून नमस्कार केला.

"आम्ही बरोबर काम केलं," ते म्हणाले.

मग बाहेर येऊन बूट घालायला बसले, पण नाड्या काही त्यांना बांधता येईनात. मी खाली बसून बांधून दिल्या.