आधी नारिंगी की आधी हिरवी

नव्या ग्रंथालयाच्या तळमजल्यावर, खिडकी नसलेल्या एका खोलीत सासरे पॅच पॅनेलसमोर, म्हणजे सगळ्या केबली जिथे येऊन जोडल्या जातात त्या फळीसमोर, स्टूल टाकून बसले होते. वरच्या मजल्यावर जावई भिंतीतल्या सॉकेटांशी झटत होता. मध्ये अख्खी इमारत होती. दोघांना तेवढंही अंतर कमीच वाटत होतं.

भांडण कशावरून, तर रंगावरून. कॉम्प्युटरच्या नेटवर्कच्या केबलच्या पोटात आठ बारीक तारा असतात, त्या टोकाला ठरलेल्या क्रमाने बसवायच्या. सासरे जिथे शिकले तिथे नारिंगी जोडी आधी आणि हिरवी नंतर. जावई जिथे शिकला तिथे हिरवी आधी. दोन्ही पद्धती बरोबर. नियम एवढाच, की एका टोकाला जे लावाल तेच दुसऱ्या टोकाला लावायचं. आता एवढ्याशा गोष्टीवरून कुणी अबोला धरतं का? धरतं. लग्नानंतरच्या पहिल्याच जेवणाला जावई सहज म्हणून गेला होता, "नारिंगी आधी म्हणजे जुनी पद्धत झाली, बाबा." ते 'जुनी' सासऱ्यांच्या घशात जे अडकलं, ते पाण्यानेही उतरेना.

तेव्हापासून लेक बिचारी मध्यस्थ झाली. बाबांचा निरोप नवऱ्याला, नवऱ्याचा बाबांना, आणि दोघांच्या रागाची धनी तीच. शेवटी वैतागली. "यांना परगावी नोकरी चालून आली आहे," तिने बाबांना सांगितलं. "ग्रंथालयाचं हे काम तुम्ही दोघांनी मिळून नीट पार पाडलंत तर आम्ही इथेच राहू. नाही जमलं तर निघालो. मी सामान बांधायला घेतलंय." लेक शेवटी कुणाची? बोलली म्हणजे बोलली.

एक दिवस लेक डोकावली नाही तरी सासऱ्यांना संध्याकाळचा चहा कडू लागायचा. ती परगावी गेली तर चहा करायचा तरी कशाला?

पहिली केबल हातात घेऊन ते कितीतरी वेळ बसून राहिले. फोन खिशातच होता. वर विचारायचं होतं फक्त, कुठला रंग आधी. पण विचारणार कोण? मी? त्याच्या तोंडाला काय कुलूप लागलंय? वरूनही फोन आला नाही. मग त्यांनी एक निःश्वास सोडला, मनातल्या मनात लेकीला म्हणाले, 'तुझ्यासाठी हं,' आणि हिरवी जोडी आधी बसवली.

बोटं ऐकेनात. इतक्या वर्षांची सवय, ती सारखी नारिंगीकडे धावायची. तरी त्यांनी एकेक तार खाचेत घालून पंच टूलने टकटक दाबली, केबली विंचरून सरळ केल्या आणि मागे पट्ट्यांनी बांधल्या. लेक लहान असताना तिच्या वेण्याही ते अशाच घट्ट घालायचे, ती रडायची. जावयाला मात्र त्यांनी अवाक्षर कळवलं नाही. सांगून केलं तर ते नमतं घेणं झालं असतं, आणि तेवढी तयारी अजून नव्हती.

काम संपल्यावर टेस्टर लावला. दिवे ओळीने एकामागून एक लागायला हवेत. ते उड्या मारू लागले. दुसरी केबल लावली, तिसरी लावली, सगळीकडे तोच गोंधळ. सासऱ्यांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. मी इथे मन मारून हिरवी लावतो आणि या शहाण्याला स्वतःची पद्धतसुद्धा धड जमत नाही. जावयाला काय काय सुनवायचं ते जिना चढता चढता त्यांनी नीट जुळवून घेतलं.

वर जाऊन सॉकेट उघडलं, तर नारिंगी आधी.

"हे काय, जावईबापू?"

"तुमची पद्धत," जावई खाली बघत म्हणाला. "म्हटलं, तुम्हाला बरं वाटेल. खाली तुम्ही नारिंगीच लावणार, हे मी धरून चाललो होतो."

"मी हिरवी लावली."

"का?"

सासऱ्यांनी जुळवून आणलेलं एकही वाक्य कामाचं राहिलं नव्हतं. त्यांना भरून आलं, आणि रागही आला. एवढा चांगुलपणा करायचा होता तर एक फोन करायला काय झालं होतं? पण हे दोघांनाही सारखंच लागू होतं.

तेवढ्यात पलीकडच्या टेबलावरून ग्रंथपाल बाई म्हणाल्या, "मी कॉम्प्युटर जोडून बघितला. छान चालतोय की."

"नवी यंत्रं उलटसुलट तारा आपल्या आपण ओळखून घेतात," जावई हळूच म्हणाला. "असंच ठेवलं तरी चालेल, बाबा."

म्हणजे ज्यावरून घर दुभंगायची वेळ आली, त्याचं यंत्राला काही सोयरसुतकच नव्हतं. सासऱ्यांना हसावं की रडावं कळेना. "माझ्या हातून असं काम बाहेर जाणार नाही," ते म्हणाले.

"माझ्याही," जावई म्हणाला.

फोन वाजला. लेक होती. सासऱ्यांनी स्पीकर लावून फोन टेबलावर ठेवला.

"जमलं का?"

"नाही," सासरे म्हणाले. खोटं बोलणं त्यांना कधी साधलं नाही. "सगळं उलटं झालंय."

"चूक कुणाची?"

"माझी," सासरे म्हणाले, आणि त्याच दमात जावईही म्हणाला, "माझी."

मग जावई पुढे वाकला. "ऐक, सामान राहू दे. एक टोक परत करायचंय. मी आणि बाबा एकत्र बसून करतोय."

"कुठलं टोक?" तिने विचारलं.

"खालचं," जावई म्हणाला. "नारिंगीच राहू दे."

"माझ्या पॅनेलला कुणी हात लावायचा नाही," सासरे म्हणाले. "हिरवीच राहील. सॉकेटं बदलू."

"बाबा, तुमची पद्धत चांगली आहे."

"तुमची जास्त चांगली आहे, मी सांगतोय ना."

दोघांची अशी जुंपली की ग्रंथपाल बाई ओठांवर बोट ठेवून उठून आल्या. फोनमधून मात्र कपाटाचं दार उघडल्याचा आवाज आला, मग हँगर दांडीवर सरकल्याचा. लेक कपडे परत लावत होती. सासऱ्यांनी तो आवाज नीट ऐकला, आणि मुद्दाम आणखी थोडा वेळ भांडत राहिले.