भुयार-तीनमधली जित्राबं

पहिल्या भुयारात जित्राबांना चेहरे नव्हते. काळ्या पडद्यावर नुसती पांढरी अक्षरं हिंडायची. के म्हणजे केसाळ्या, डी म्हणजे दातऱ्या, आणि ओ म्हणजे भिंतीला चिकटून बसणारं एक गोल, आळशी जित्राब, ज्याला राजनंदिनीनं बरेच दिवस नावच दिलं नव्हतं.

हे १९९७ सालचं. औंढा नागनाथला बसस्टँडच्या मागं प्रेमदास सरांचा कॉम्प्युटर क्लास होता. सर जवळच्याच तांड्यावरचे. औरंगाबादेत डिप्लोमा करून परत आलेले. क्लासात चार मशिनी, आणि त्यातली एक कायम पोट उघडून बसलेली. राजनंदिनी अकरावी सायन्सला होती. शिरड शहापूरहून एसटीनं यायची. घरी दोनशे मेंढरं.

सरांनी नांदेडहून आणलेल्या एका फ्लॉपीत एक परदेशी खेळ होता. टिंबांच्या खोल्या, अंधारे जिने, खाली खाली उतरत जायचं आणि वाटेत भेटेल तो राक्षस मारायचा. राजनंदिनीला खेळ आवडला, पण एक गोष्ट डोक्यातून जाईना. इतके राक्षस मारले, त्यांचं पुढं काय झालं? काहीच नाही. राक्षसाचं अक्षर पुसलं की संपलं. मग तीन महिने सरांच्या मागं लागून ती सी लँग्वेज शिकली आणि तिनं स्वतःचा खेळ लिहिला. नाव ठेवलं भुयार. त्यात जित्राब जिवानिशी मारायचं नाही. अर्धमेलं करून धरायचं. मग ते आपल्या मागं चालतं आणि पुढच्या जित्राबाशी आपल्या वतीनं झुंजतं.

एकदा आठवडी बाजाराच्या दिवशी तिची आई, सत्यभामाबाई, पिशव्या घेऊन थेट क्लासात आली आणि लेकीच्या खुर्चीमागं उभी राहिली.

"हे काय करून राहिली गं नंदे?"

"जित्राब धरून राहिले, आई. आदी त्याला बडवायचं, मंग ते आपलं होतं."

"काहून?"

"काहून म्हंजे?"

"एवढा मार खाल्लेलं जित्राब तुझ्या मागं काहून येईल? मी तर तोंड फिरवून पळून जाईन."

सगळा क्लास हसला. प्रेमदास सर सगळ्यात मोठ्यांदा. "मावशी, तुमीच क्लासला नाव लावा."

"माझं कशाला लावता, सर? हिलाच चार दिस मेंढरामागं धाडा. नवं मेंढरू आनलं तर त्याला म्हाताऱ्या मेंढीशेजारी बांधायचं. हातावर मीठ द्यायचं. आन् आठ दिस त्याच्याकडं टक लावून बघायचं न्हाई. बघितलं की बुजतं. एवढं तर हिला दुधाच्या दातापासून ठाऊक हाय."

ठाऊक होतंच. पण घरी ठाऊक असलेली गोष्ट कॉम्प्युटरमध्ये घालायची असते, हे तिला तोवर कुणी सांगितलं नव्हतं.

भुयार-दोन यायला २००१ साल उजाडलं. तोवर जिल्ह्याचं नाव परभणीचं हिंगोली झालं होतं आणि ती हिंगोलीच्या कॉलेजात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होती. आता रंग होते, चित्रं होती. जित्राब दिसलं की जमिनीवर मीठ टाकायचं आणि त्याच्याकडं पाठ करून उभं राहायचं. मागं वळलात की ते पळालं. पाठमोरं उभं राहून किती पावलं थांबायचं, ते ज्या त्या जित्राबाच्या स्वभावावर होतं. आळशी गोल जित्राब सगळ्यात आधी यायचं आणि तळघरापर्यंत साथ द्यायचं. शिवाय दोन जित्राबं एका गोठ्यात ठेवली तर तिसरं जन्मायचं. कोणत्या जोडीला कोणतं पिल्लू, याचा तक्ता तिनं हातानं भरला होता. सगळी मिळून अठ्ठेचाळीस जित्राबं, आणि प्रत्येकाचं चित्र तिनं टिंब टिंब जोडून काढलेलं.

खेळ सीडीवरून सीडीवर गेला. हिंगोली, वसमत, कळमनुरी. कळमनुरीच्या एका औषध दुकानदारानं तर आपल्या जित्राबांची बारा पिढ्यांची वंशावळ वहीत उतरवून तिला दाखवायला आणली. "मॅडम, हे बघा, याचा खापरपणजा दातऱ्या," तो म्हणाला, तेव्हा त्याच्या बोलण्यात थट्टेचा लवलेश नव्हता.

२००६ मध्ये राजनंदिनी पंचवीस वर्षांची होती आणि सरांच्याच क्लासात शिकवत होती. फोन आता सगळ्यांच्या हातात यायला लागले होते. क्लासातून पुण्याला गेलेल्या एका मुलीनं मोबाइलचे खेळ काढणाऱ्या एका कंपनीत भुयारची सीडी दाखवली आणि तिथल्या मॅडमचा फोन आला. खेळ आवडला होता. फोनवर चालेल असा करून द्या, म्हणाल्या. अट एकच. साध्या फोनमध्ये चौसष्ट केबीपेक्षा मोठा खेळ शिरत नाही. आणि सोमवारपर्यंत हवा.

"नाही झाला तर?"

"तर त्या जागी क्रिकेटचा खेळ जाईल."

"आणि पुढच्या खेपेला?"

"पुढच्या खेपेचं सांगता येत नाही, बाई."

नऊ वर्षं ती या भुयारात उतरत होती. ते जिल्ह्यातल्या कॉम्प्युटरांतून बाहेर पडून लोकांच्या खिशात जायची ही पहिली संधी होती, आणि बहुधा शेवटची. तिनं कागदावर बेरीज मांडली. प्रोग्रॅम चौतीस केबी. भिंती, जिने आणि खेळणारा माणूस मिळून नऊ. अठ्ठेचाळीस जित्राबं, दर जित्राबाला दीड, म्हणजे बहात्तर. एकूण एकशे पंधरा.

मॅडमनी उपायही सांगितला होता. "बारा ठेवा. लोकांना बारा पुष्कळ होतात."

बारा ठेवली असती तर सगळं बसलं असतं. पण बारांत वंश चालत नाही. तिसऱ्या पिढीला तीच तोंडं परत दिसायला लागतात आणि गोठ्यात काय जन्मेल याची उत्सुकता संपते. उरतं फक्त अंधारातून चालणं. तसला खेळ लोकांकडं आधीच होता. तिनं चित्रं बारीक करून पाहिली. सगळी जित्राबं ओल्या गोणपाटासारखी दिसायला लागली, आणि तरी बेरीज अठ्ठ्याऐंशीच्या खाली येईना. बुधवार असा गेला.

"बाराच ठेव मग," प्रेमदास सर हळूच म्हणाले. "न्हाई पोचन्यापेक्षा बारा तरी पोचतील."

"आजचा दिवस थांबा, सर," ती म्हणाली. पण थांबून काय करायचं, ते तिला माहीत नव्हतं.

गुरुवारी सकाळी ती घरून निघायच्या बेतात असताना तिचा फोन वाजला. जळबाकाका होते, सेनगावकडचे मेंढपाळ. तिचे वडील ज्ञानबा महिनाभर त्याच भागात मेंढरं चारत होते. आदल्या दिवशी पाण्यावर दोन्ही कळप एकमेकांत मिसळले. वेगळे केले, पण ज्ञानबांचं एक मेंढरू जळबाकाकांच्या कळपात राहिलं. वडील कळप घेऊन पुढं गेले होते आणि त्यांच्याकडं फोन नव्हता. जाताना एवढंच सांगून गेले होते की बोडकी मेंढीची थोरली लेक मागं राहिली, खूण घरी विचारा. राजनंदिनीनं फोन आईच्या कानाला लावला.

"वहिनी, माझ्यात दोनशे हायत आन् समदीच काळी. तुमचं कोनतं, सांगा बरं."

"समदी काळी म्हनतो मेला," सत्यभामाबाई फोन तोंडापासून लांब न धरताच म्हणाल्या. "आता नीट ऐक, जळबा. आईवानीच बिनशिंगाची हाय. उजवा कान बुचा, बोटाएवढा. कपाळाला चांद, पर गोल न्हाई, खाली नाकाकडं वघळलेला. मागले दोन पाय पांढरे. शेपूट आखूड. रंग काळाच म्हन, पर उन्हात धरली की तांबूस मारतो. हाय का?"

पलीकडं मेंढरांचा आवाज, काठी आपटल्याचा आवाज, कुणाला तरी दिलेली एक शिवी. मग, "गवसली, वहिनी! आत्तापस्तोर माझ्याच पायापाशी उभी व्हती की!"

राजनंदिनी दारात उभी राहून बोटं मोजत होती. शिंग, कान, कपाळ, पाय, शेपूट, रंग. सहा गोष्टी. वीस-पंचवीस कोसांवरच्या माणसाला आईनं चित्र पाठवलं नव्हतं. सहा शब्द पाठवले होते, आणि दोनशे काळ्या मेंढरांतून एक उभं राहिलं होतं.

"आई, अशी खूण समद्याच मेंढरांची सांगशील?"

"मंग? नावं थोडीच ठेवतो दोनशेला. तुझी बस गेली बघ."

बस खरंच गेली. ती जीपनं औंढ्याला गेली, सरांकडून इन्व्हर्टरवरची मशीन मागून घेतली आणि अठ्ठेचाळीसच्या अठ्ठेचाळीस चित्रं बाजूला काढली. आता पूर्ण जित्राब काढायचंच नाही, तुकडे काढायचे. कानांचे सहा प्रकार, शिंगांचे चार, तोंडाचे पाच, पायांचे चार, शेपटीचे चार. तेवीस तुकडे, सगळे मिळून आठ केबी. रंग पाच, पण रंगाला चित्र लागत नाही, तो वरून भरता येतो. खेळ ज्या त्या वेळी तुकडे जोडून जित्राब उभं करणार. तिनं गुणाकार केला, विश्वास बसला नाही म्हणून परत केला, आणि मग वही सरांपुढं ठेवली. नऊ हजार सहाशे.

"केबी?" सरांनी घाबरून विचारलं.

"जित्राबं, सर."

शनिवारी दुपारी हा खेळ, भुयार-तीन, तिच्या फोनवर चालायला लागला. पिल्लाचा प्रत्येक अवयव आईचा नाहीतर बापाचा, नाणं उडवल्यासारखा. रविवारी सकाळी तिनं फोन आईपुढं धरला. पडद्यावर नर, मादी आणि त्यांचं पिल्लू. सत्यभामाबाई शेंगा फोडत होत्या. हात पुसून त्यांनी फोन घेतला. एक जोडी पाहिली, दुसरी पाहिली, दहावी पाहिली.

"खोटं हाय."

"काय खोटं?"

"लेकरू कवा कवा आज्यावर जातं. तुझं एकबी गेलं न्हाई. आपली बोडकी बिनशिंगाची, मेंढाबी बिनशिंगाचा, आन् गेल्या साली शिंगवालं कोकरू न्हाई झालं? काहून? तर दोघांचेबी बाप शिंगवाले व्हते."

राजनंदिनी कपाळावर हात मारून घेत खाली बसली. बी.एस्सी.ला असताना तिनं मटारांच्या पिढ्यांचे तक्ते पाठ केले होते, पूर्ण गुणही मिळवले होते. दिसणारा गुण एक आणि आत लपलेला दुसरा. प्रत्येक जित्राबाला आणखी एक न दिसणारा संच द्यायला हवा होता. अख्खं जित्राब म्हणजे शेवटी आकड्यांची एक ओळ. दिसणारी दोन बाइट होती, आता लपलेली दोन वाढली. एकूण चार. चारला अजून जागा होती.

"अजून काय खोटं हाय?"

"बाकी बराबर हाय," सत्यभामाबाई म्हणाल्या. त्या फोन परत देईनात. "हे तांबडं थांबव जरा. याचा चांद चांगला उतरलाय."

सोमवारी दुपारी दोनला लाईट जायची होती. पावणेदोनला औंढ्याहून फाइल गेली. अठ्ठावन्न केबी. प्रेमदास सर मॉडेमवर हात ठेवून उभे होते, जणू दाबून धरलं तर ती लवकर जाईल.

मग नऊ दिवस काही नाही. ती क्लासात टॅली शिकवत होती, घरी जाऊन शेळ्यांना पाला टाकत होती आणि फोन खिशात आहे ना, हे दिवसातून वीसदा चाचपत होती. सर दर तासाला म्हणायचे, "आला का?" आणि ती दर तासाला म्हणायची, "तुमच्यासमोरच तर आहे मी." दहाव्या दिवशी तास चालू असताना फोन आला. मॅडमच.

"काय करून ठेवलंय हो तुम्ही?"

"बसत नाहीये का फोनमध्ये?"

"बसतंय. खेळ घेतलाय आम्ही, तो प्रश्न कधीच मिटला. पण इथं ऑफिसात काम बंद पडलंय. एकाकडं एक निळं जित्राब निघालंय, एक शिंग, आखूड कान. तसं दुसऱ्या कुणाकडंच नाही. सगळ्यांना ते हवंय. एका फोनमधून दुसऱ्या फोनला जित्राब देता येईल का? म्हणजे वेळ लागेल, हे मला कळतंय. पुढच्या खेळात चालेल."

पुढच्या खेळात. शब्द कानात पडले, पण त्यांच्याकडं नंतर सावकाश बघता येईल असं ठरवून तिनं खडू उचलला. फळ्यावर टॅलीच्या शेजारी एक भागाकार केला: एका मेसेजचे एकशे चाळीस बाइट भागिले चार. पोरं तोंडं उघडी ठेवून बघत होती. सर दारात आले होते.

"येईल," ती म्हणाली. "एसएमएसनंच जाईल. एक जित्राब चार बाइटांचं आहे. एका मेसेजमध्ये तीस-बत्तीस सहज बसतील."

"एका मेसेजमध्ये अख्खा कळप?"

"लहान कळप, मॅडम," राजनंदिनी म्हणाली. "आमच्याकडं बत्तिसाला कळप म्हणत नाहीत."