नावं येईपर्यंत कुणी उठायचं नाही

देवदत्त कुलकर्ण्यांनी अमेरिकेतल्या बॉथेलच्या मराठी मंडळातल्या लोकांना सहा वर्षं थाप मारली होती. लेक केया काय करते असं कुणी विचारलं, की म्हणायचे, "डेटामध्ये आहे." खरं तर पोरगी सिनेमॅटोग्राफर. छोट्या छोट्या सिनेमांसाठी खांद्यावर कॅमेरा घेऊन चिखलात उभी राहायची. पण हे सांगितलं की पुढचा प्रश्न ठरलेला, "हो, पण जॉब?" त्यापेक्षा झाकली मूठ सव्वा लाखाची.

मग एकदा केयाने नव्या सिनेमाचा तुकडा पाठवला. भिजलेलं पार्किंग लॉट आणि गाडीत एकटी बसलेली म्हातारी, बस्स एवढंच. देवदत्तांच्या डोळ्यांत पाणी आलं आणि स्वतःची भयंकर लाज वाटली. तोंडाने कबुली द्यायची छाती नव्हती, म्हणून त्यांनी मंडळात त्या सिनेमाचा खेळ ठेवला. पडद्यावर नाव आलं की आपसूक कळेल! आमंत्रणात लिहिलं, 'चित्रपट आणि बटाटेवडे'. प्रोजेक्टरपाशी बसलेली केया बापाच्या मदतीला आलीय, असंच सगळे समजले.

घोळ वड्यांनी केला. सिनेमा संपला, पडदा काळा झाला आणि खुर्च्या सरकल्या. पडद्याशेजारच्या दारापलीकडे वडे मांडले होते, तिकडे चाळीस माणसं निघाली. देवदत्त धावले आणि हात पसरून दारात उभे राहिले.

"बसा! नावं यायचीत अजून!"

"काका, ते कोण वाचतं?" सगळ्यांच्या पुढे असलेला यतीन म्हणाला. "लाइन मोठी होईल."

"केया डेटामध्ये नाहीये!" देवदत्त ओरडले. "खोटं बोललो मी. हा सिनेमा तिने शूट केलाय. तिचं नाव वाचल्याशिवाय कुणाला वडा मिळणार नाही!"

सगळे पडद्याकडे बघत राहिले. केयाचं नाव आलं आणि टाळ्यांचा कडकडाट झाला, सुलेखाकाकूंनी तर चक्क शिट्टी मारली. देवदत्तांचा ऊर भरून आला.

केया धावत आली. "बाबा, did you see it?"

देवदत्तांचा चेहरा पडला. दार अडवताना पडद्याकडे त्यांची पाठ होती.

"लोकांनी पाहिलं ना," ते पुटपुटले.

सुलेखाकाकूंनी हातातली रिकामी प्लेट खाली ठेवली. "केया, सिनेमा जरा मागे घे गं. ह्या माणसाने पाहिलंच नाही."

देवदत्तांना पहिल्या रांगेत मधोमध बसवलं गेलं. चाळीस भुकेली माणसं मुकाट्याने आपापल्या जागी परतली. यतीनने जाऊन दार लावून घेतलं, वड्यांचा वास येऊ नये म्हणून.