तिघांची रजा

त्या मालिकेचा लेखक, दिग्दर्शक आणि निर्माता ही तीन माणसं एकाच शर्टात राहत होती. स्टुडिओत त्याच्या तीन खोल्या होत्या, दारांवर तीन पाट्या होत्या, आणि एका खोलीतलं काम दुसऱ्या खोलीत काढायचं नाही असा त्याचा शिरस्ता होता. निर्माता चहा गोडमिट्ट प्यायचा, लेखक बिनसाखरेचा. नव्या माणसांना सुरुवातीला हसू यायचं. पण पगार वेळेवर होत असल्यामुळे पुढे कुणाला त्यात काही वावगं वाटेनासं होई. तो फाटकातून आत शिरला की दिवेवाले एकमेकांना सांगत, "तिघे आले."

अधूनमधून तिघांचं फाटायचंही. एकदा दिग्दर्शकाने क्रेन मागितली, निर्मात्याने शिडी दिली. दोघांनी एवढा अबोला धरला, की आरशात बघावं लागतं म्हणून त्याने आठवडाभर दाढी केली नाही.

अशात त्याच्या मुलीचं परदेशी जायचं ठरलं. नोकरी तिकडची, नवरा तिकडचा, म्हणजे यापुढे येईल ती पाहुणी म्हणूनच. एकुलती एक पोरगी. विमान शुक्रवारी दुपारचं. कपड्यांच्या घड्या घालता घालता बायको म्हणाली, "तिला सोडायला यायचंय. तुमच्यातला जो कोण मोकळा असेल त्याला पाठवा."

हे त्याच्या जिव्हारी लागलं. पोरीचं शाळेतलं एकही नाटक त्याने पाहिलं नव्हतं आणि ते त्याला मनातून सलत होतं. या वेळी तो जाणार म्हणजे जाणारच होता. पण जायचं तर रीतसर. दिग्दर्शकाने निर्मात्याच्या खोलीचं दार वाजवलं. आत कुणी नव्हतं. मग तो टेबलाला वळसा घालून खुर्चीत बसला आणि म्हणाला, "या."

उठून तो पुन्हा अलीकडे आला. "शुक्रवारी सुट्टी हवी होती."

परत वळसा. "शुक्रवारी शूटिंग आहे. सेट उभा, नट हजर आणि तुम्हीच गायब? नाही जमणार."

"मुलगी कायमची चाललीय हो."

"मलाही मुलगी आहे," निर्माता म्हणाला. "मी बसलोय का रडत?"

दाराच्या फटीतून बघणाऱ्या सहायकाने हळूच दार लोटलं आणि दोन चहा सांगितले, एक गोड, एक बेताचा.

शेवटी मार्ग काढला लेखकाने. शुक्रवारच्या भागात सगळं घर झोपलेलं आहे, असं त्याने लिहून टाकलं. सासू झोपली, सून झोपली, कारस्थानी जाऊ झोपली, दूध आणायला निघालेला दीर पिशवीसकट सोफ्यावर कलंडला. झोपलेल्या माणसांना दिग्दर्शक कशाला हवा? दिग्दर्शक दुखावला. झोपेलाही अभिनय लागतो, असं त्याचं म्हणणं पडलं. निर्माता मात्र खूश झाला, कारण एक कॅमेरा लावून ठेवला की काम भागत होतं. त्याने दिग्दर्शकाची रजा मंजूर केली, लेखकाची केली, आणि मोठ्या मनाने स्वतःचीही करून टाकली.

शुक्रवारी तो विमानतळावर पोचला तो छाती फुगवूनच. बायकोने त्याच्याकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं. मुलगी सामानाच्या गाडीपाशी उभी होती.

"त्या खांबाजवळ ये," दिग्दर्शक म्हणाला. "तिथे उजेड बरा आहे. आता आईला मिठी मार. लगेच नाही, आधी जरा थांब."

ती थांबली, मग तिने मिठी मारली. पोरगी लहानपणापासून गुणाची.

"आता म्हण, मी लवकर येईन," लेखकाने सुचवलं. "फार जोर देऊ नकोस, खोटं वाटतं."

"मी लवकर येईन," ती म्हणाली.

"आटपा जरा, बाहेर गाडी उभी आहे," निर्माता पुटपुटला.

मुलगी त्याच्याकडे बघत राहिली. "कोण कोण आलंय?"

"सगळे," तो उत्साहाने म्हणाला. "तिघांचीही रजा मिळवली. काय खटपट करावी लागली म्हणून सांगू तुला."

"आणि बाबा?"

बाबाची रजा कुणी मागितलीच नव्हती. बाबाला खोली नव्हती, पाटी नव्हती. त्याच्यासाठी कुठल्या टेबलापाशी जाऊन शब्द टाकायचा, हेही कुणाला ठाऊक नव्हतं. बाजूने लोक बॅगा ओढत जात होते. लेखकाला वाक्य सुचेना.

"येतोय," शेवटी तो म्हणाला. "वाटेत आहे."

"मग थांबते थोडी," ती म्हणाली आणि बॅगेवर बसली.

तो शेजारी फरशीवरच टेकला. पँट खराब होईल असं निर्मात्याच्या मनात आलं, पण बोलायला तो धजला नाही. इथला उजेड अगदीच टाकाऊ होता, त्यावर दिग्दर्शकही काही बोलला नाही. आत जाण्याची सूचना झाली, पुन्हा झाली. मुलगी उठली नाही. तिच्या बुटाची नाडी सुटली होती. त्याने ती ओढून बांधली, वाटेत सुटू नये म्हणून वर आणखी एक गाठ मारली आणि घसा खाकरला.

"सकाळपासून काही खाल्लंस का?"

मुलीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं.

"आलास," ती म्हणाली. "किती उशीर केलास, बाबा."