फ्रिजचा निरोप पोचवणारी फाइल

मित्रांनो, मी एक जुनी फाइल आहे, पण दोरीने बांधून कपाटात ठेवतात तसली नव्हे. मी संगणकाच्या पोटात राहते. पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात, घड्याळाशेजारी, बारीक बारीक चित्रं दिसतात ना? ती तिथे मांडायची आणि वेळ आली की वर सूचनेची छोटी चौकट उघडायची, हे माझं काम. माझ्यासारखीला लायब्ररी फाइल म्हणतात. मी स्वतःहून काहीच करत नाही. गल्लीत एकाच घरी शिडी असते आणि सगळे तीच मागून नेतात, तशी मी सगळ्या प्रोग्रामांच्या उपयोगाची.

मला दोन प्रोग्रामरांनी लिहिलं. "हिने दिसायचं, पण कुणाच्या कामात लुडबुड करायची नाही," एक म्हणाला. "म्हणजे माझ्या मोठ्या बहिणीच्या अगदी उलट," दुसरी म्हणाली, आणि दोघं हसली.

मी आले ती लहान मुलांच्या एका दवाखान्यात, काउंटरवरच्या संगणकात. तिथे लसींचा फ्रिज होता. त्यात तापमान मोजणारं यंत्र होतं, आणि त्याचा प्रोग्राम मला हाक मारी. लस कोमट झाली तर बिघडते. बाहेरून मात्र होती तशीच दिसते. मला गार-गरम कळत नाही. मी निरोप देते.

सुरुवातीला माझं कौतुक झालं. एकदा फ्रिजचं बटण चुकून बंद झालं, तेव्हा चौकट बघून काउंटरवरच्या ताई धावत गेल्या. "बरं झालं गं बाई, सांगितलंस," असं पडद्यालाच म्हणाल्या.

मग बाकीचेही मला बोलावू लागले. शाई संपत आली, नवी आवृत्ती आली, सवलत आजच संपणार. ताईंचा हात वाचण्याआधीच चौकट बंद करायच्या फुलीवर जाऊ लागला. एकदा डॉक्टर त्याच पडद्यावर एका बाळाच्या वजनाचा आलेख दाखवत होत्या, आणि नेमकी बुटांची जाहिरात आलेखावर येऊन बसली.

"हे कोपऱ्यातलं आधी बंद करा," डॉक्टर म्हणाल्या.

ताईंनी सरसकट सगळ्याच सूचना बंद केल्या. पडदा स्वच्छ झाला.

एके दुपारी ताईंनी आपली पाण्याची बाटली लसींच्या फ्रिजमध्ये कोंबली. दार नीट लागलं नाही. तापमान चढू लागलं. प्रोग्रामने हाक मारली, मी चौकट तयार केली, पण तिला उघडायची मनाई होती. पुन्हा हाक, पुन्हा तेच. कोपऱ्यातलं फ्रिजचं हिरवं चित्र लाल करणं तेवढं माझ्या हाती उरलं होतं. ते मी केलं.

काउंटरच्या कडेला, पडदा दिसेल अशी, एक आई उभी होती. त्या दुपारी पहिला नंबर तिच्या बाळाचा होता. तिची नजर बाळाच्या टोपीवरून पंख्याकडे, पंख्यावरून पडद्याकडे फिरत होती.

"ताई, ते लाल काय आहे?"

"ते होय? असतंच काहीतरी. बसा ना तुम्ही."

"मघाशी हिरवं होतं."

"अहो, किती ती काळजी! अशाने तुम्हीच आजारी पडाल."

"पडेन. पण बघा तरी एकदा."

ताईंनी सुस्कारा टाकत चित्रावर क्लिक केलं. मग तापमानाचा आकडा वाचून उठल्या आणि फ्रिजकडे गेल्या. डॉक्टरही आल्या.

"यातली एकही लस आज कुणाला द्यायची नाही," डॉक्टर म्हणाल्या.

"पण हाताला गारच लागतायत की, मॅडम."

"हाताला कळलं असतं तर यंत्र कशाला लावलं असतं?"

"कोपऱ्यातलं बंद करा, असं तुम्हीच म्हणालात ना?"

डॉक्टरांनी पाण्याची बाटली बाहेर काढून फ्रिजचं दार लावलं. "म्हणाले खरी," त्या म्हणाल्या.

बाकावरची मंडळी कुरकुरत घरी गेली. ती आई मात्र दारात थांबली.

"नव्या लसी आल्या की मीच फोन करते," डॉक्टर म्हणाल्या. "आल्यावर फ्रिज बघायचा असेल तर खुशाल बघा."

"बघणारच आहे," आई म्हणाली.

दवाखाना बंद करण्याआधी ताईंनी चष्मा लावला आणि एकेका प्रोग्रामचं नाव वाचत बाकीच्यांना गप्प केलं. फ्रिजला पुन्हा बोलायची परवानगी मिळाली.

मित्रांनो, आमची कटकट झाली तर आम्हाला गप्प करा. मला राग येत नाही. पण बंद करण्याआधी कोण काय सांगतंय ते वाचा. मी सगळ्यांना एकाच मापाची चौकट देते. त्यातली कुठली एखाद्या बाळासाठी आहे, हे मला कधीच कळणार नाही. ते तुम्हालाच बघावं लागेल.