मूळ इजा

अंबाजोगाईत बसस्थानकाच्या मागच्या रस्त्याला, औषधांच्या दुकानावरच्या मजल्यावर अकरा संगणकांचं एक ऑफिस होतं, आणि तिथं खिडकीशेजारी बसून संगीता गेली सहा वर्षं परक्या माणसांचे हात वाचत होती. समुद्रापलीकडच्या दवाखान्यांतल्या नोंदी नावं गाळून तिच्यापुढं येत; डॉक्टरनं लिहिलेलं वाचायचं आणि त्याला ठरलेला कोड द्यायचा, एवढंच काम. तिच्या वाट्याला हाताच्या किरकोळ इजा आल्या होत्या, आणि त्यातही इजा नव्हे, तर ती बरी झाल्यावर मागं जे राहतं ते. न वाकणारं पेर, थंडीत ठणकणारं नख, बधिर झालेलं बोटाचं टोक. अशा फाईलीला दोन चौकटी असत. पहिल्या चौकटीत आज काय उरलं आहे ते लिहायचं आणि दुसरीत मुळात काय झालं होतं ते. क्रम असा उलटाच होता, आणि दुसरी चौकट भरल्याशिवाय फाईल बंद होत नसे.

चार वर्षांपूर्वी एकदा ती दुसरी चौकट रिकामी आली होती. अठ्ठेचाळीस वर्षांचा पुरुष, उजव्या हाताची दोन बोटं बधिर, कारण दिलेलं नाही. अशा वेळी परत विचारायचं असतं. पण संध्याकाळ झाली होती, घरी पाहुणे यायचे होते, म्हणून संगीतानं आपल्या मनानंच 'काटा टोचणे' टाकलं आणि ती उठली. अकराव्या दिवशी शेताच्या कुंपणाला बाभळीच्या फांद्या लावताना आदिनाथच्या, तिच्या नवऱ्याच्या, उजव्या हातात काटा गेला. "काही न्हाई गं, जाईल चार दिवसांत," तो म्हणाला. जखम खरंच गेली, दोन बोटं मात्र बधिर राहिली. पुढं आठ महिन्यांनी केजच्या रस्त्यावर उसाची ट्रॉली अचानक थांबली, आणि मोटारसायकलचा पुढचा ब्रेक त्या दोन बोटांखाली वेळेवर दाबला गेला नाही.

हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं त्यात होतं तरी काय? शेतात जाणाऱ्या कुणाच्या हातात काटा गेला नाही?

दिवाळीच्या आधीच्या मंगळवारी दुपारी तिच्यापुढं एक फाईल उघडली. स्त्री, वय एकवीस. उजव्या हाताचा अंगठा पूर्ण मिटत नाही, सुई धरता येत नाही. खाली डॉक्टरनं सवयीनं लिहावं तसं लिहिलं होतं की त्याच मनगटावर चंद्रकोरीसारखा जुना डाग आहे, नवव्या वर्षी भाजल्याचा, भाकरी भाजायच्या लोखंडी तव्याची कड लागून.

संगीतानं ते पुन्हा वाचलं. तिची एकवीस वर्षांची एकुलती एक मुलगी राजनंदिनी बीडला नर्सिंगच्या तिसऱ्या वर्षाला होती. नऊ वर्षांची असताना ती आईची नजर चुकवून भाकरी उलटायला गेली होती, आणि तेव्हापासून तिच्या उजव्या मनगटावर तो डाग होता. फाईलीवर तपासणीची तारीख होती, ती अजून महिनाभर दूर होती. दुसरी चौकट रिकामी होती.

तिनं रीतसर विचारणा पाठवली. एरवी दोन दिवस लागायचे. या वेळी उत्तर लगेच आलं. इजेची नोंद नाही, कोडरने ठरवावे.

"मॅडम, दुपारधरनं तुमी एकाच फाईलीवर हायत," तिथला प्रमुख रविराज तिच्या खुर्चीमागं येऊन म्हणाला.

"तारीख पुढची आहे हिच्यावर."

"तिकडचं मशीन चुकलं आसंल. द्या करिष्माकडं, दोन मिनटात उडवती ती."

करिष्मा पलीकडच्या संगणकावर शेंगा खात बसली होती. तिनं मान लांब करून पाहिलं. "आंगठा व्हय? माकड चावलं टाकू का, ताई? न्हाई तर सुतळी बॉम्ब. दिवाळीच हाय."

"हात लावू नको," संगीता इतक्या जोरात म्हणाली की सगळ्या खोलीनं वळून पाहिलं.

करिष्माचा चेहरा उतरला. "लई मनाला लावून घेता ताई तुमी. नाव न्हाई, गाव न्हाई, कोण कुठली बाई ती."

सहाला ऑफिस सुटायचं, आणि उघडी राहिलेली फाईल सहाच्या ठोक्याला आपोआप दुसऱ्या कुणाच्या तरी पुढ्यात जायची. ती व्यक्ती घाईत असेल, तिच्याकडंही पाहुणे यायचे असतील. संगीतानं वय खोडून तिथं स्वतःचं सेहेचाळीस घालून पाहिलं. आकडा पुन्हा एकवीस झाला. मनगटावरच्या डागाची ओळ पुसायला गेली, तर ती पुसली जाईना. मग तिनं इजांची यादी उघडली. चिरडणे, कापणे, भाजणे, चावा, कुसळ जाणे, खरचटणे. एकेका शब्दावर थांबून ती तो शब्द त्या अंगठ्यावर ठेवून बघत होती आणि उचलून घेत होती. सहाला चार मिनिटं असताना तिनं त्यातला सगळ्यात हलका शब्द निवडला. घासून आलेला फोड. फाईल बंद झाली.

शनिवारी राजनंदिनी सुट्टीला घरी आली, तेव्हा संगीतानं पिशवीसुद्धा तिच्या हातून काढून घेतली. जेवण झाल्यावर तिचा उजवा हात मांडीवर घेऊन अंगठ्याला कापूस लावला आणि जुन्या सुती लुगड्याची पट्टी बांधली.

"कावून? काय झालंय त्याला?" राजनंदिनी हसायला लागली.

"काही झालं नाही. काही होऊ नये म्हणून. परत जाईपर्यंत सोडायची नाही."

"आई, आसं बांधलं तर आमच्या मॅडम मला नापास करत्यान."

"बाबांची शपथ आहे."

राजनंदिनीनं हात तसाच तिच्या मांडीवर राहू दिला. वडील गेल्यापासून आईचे काही हट्ट ती मुकाट्यानं सोसत असे. त्या तीन आठवड्यांत तिनं ताट उचललं नाही, कपडे पिळले नाहीत, दाराची कडीसुद्धा लावली नाही. संगीता तिला स्वतःच्या हातानं भरवी. "मी तान्ही हाय का?" असं ती पहिले काही दिवस म्हणे, मग तेही म्हणेनाशी झाली आणि घास पुढं आला की तोंड उघडू लागली. अंघोळीला हातावर प्लास्टिकची पिशवी चढवायची. पट्टी जराही सैल वाटली, की संगीता खालची न सोडता वरून आणखी एक वेढा घाली. खाली अंगठा सुखरूप आहे, एवढं तिला पुरे होतं.

बीडला परत जायच्या सकाळी गाडीची वेळ होत आली, तेव्हा राजनंदिनीनं विचारलं, "आता तरी काढू का?" आणि उत्तराची वाट न पाहता तिनं तो सगळा गुंडाळा टोपीसारखा ओढून काढला.

अंगठा पांढरा पडला होता. आतल्या बाजूला, जिथं पट्टीची कड रोज घासत होती तिथं, बाजरीच्या दाण्याएवढा पाण्याचा फोड होता. राजनंदिनीनं मूठ मिटून पाहिली. चार बोटं मिटली. तिनं पुन्हा पाहिलं, आणि आईचा चेहरा दिसताच हात पाठीमागं नेला.

"काही न्हाई गं आई," ती म्हणाली, "जाईल चार दिवसांत."

संगीताच्या हातात तो रिकामा गुंडाळा होता, अंगठ्याच्या आकाराचा, अजून कोमट. आणि त्यावरची तिनंच मारलेली गाठ जशीच्या तशी घट्ट होती.